अजरामर फंक अल्बम काढण्याची घरगुती पद्धत
(शिवमंदिर परिसरातल्या होतकरूंसाठी)

अल्बम काढण्याआधी वयाचा हिशोब करा. बहुतेक होतकरू इथंच चुकतात. अजरामर अल्बम चाळिशीच्या आसपास काढावा. म्हणजे समीक्षक दारात येतात तेव्हा आपण सत्तरीत असतो आणि त्यांना चहा विचारण्याइतपत शाबूत असतो. मुंबईच्या चरणजित सिंगांनी हे गणित बरोबर जमवलं होतं: जन्म १९४०, अल्बम १९८२, कौतुक २०१०. आशा पुथली यांनी मात्र घाई केली. मुंबईत १९४५ साली जन्मलेल्या या बाईंनी ‘द डेव्हिल इज लूज’ हा सोल-फंकचा देखणा अल्बम १९७६ सालीच, म्हणजे एकतिसाव्या वर्षी काढून टाकला. मग आपल्याकडच्या लोकांना त्याचा पत्ता लागेपर्यंत त्यांचे केस पिकले.

अंबरनाथ पूर्वेला राहणाऱ्यांना धीर धरायचं वेगळं शिक्षण द्यावं लागत नाही. आपलं शिवमंदिर शके ९८२ मध्ये, म्हणजे इ. स. १०६० साली, शिलाहार राजा मुम्मुणीच्या कारकिर्दीतलं. त्यावर पहिलं व्यवस्थित परीक्षण आलं ते इंग्रज अमदानीत, १८६०च्या दशकात सरकारी माणसं येऊन मोजमापं, रेखाटनं आणि शिल्पांचे साचे घेऊन गेली तेव्हा. आठशे वर्षं! तोवर गावकरी तिथं येत होते, बेल वाहत होते, भिंतीकडे मान वर करून बघत होते, पण ते समीक्षेत धरत नाहीत. राजाचं नाव शिलालेखात आहे. मूर्ती कुणी घडवल्या ते विचारू नका. या वाक्यावर पेन्सिलीनं खूण करून ठेवा, पुढं लागणार आहे.

जागा

स्टुडिओ परवडत नाही म्हणून रडत बसू नये. चरणजित सिंगांनी तयारी घरी केली आणि एचएमव्हीच्या स्टुडिओत दोन दिवसांत सगळा अल्बम वाजवून मोकळे झाले. तुमच्या घरात कर्जत लोकलचा भोंगा, वरच्या मजल्यावरचा कुकर आणि समोरच्या मैदानातली हळद ऐकू येते, हे मान्य. हे तिन्ही बंद असण्याची वेळ पहाटे तीनच्या सुमारास येते. तेव्हा पहाटेचा राग घ्यावा, शास्त्रही पाळल्यासारखं होतं.

अ‍ॅम्प्लिफायर उल्हासनगरहून आणा. त्यावर ‘मेड इन यूएसए’ लिहिलेलं दिसलं तर दचकू नका. त्या यूएसएचा अर्थ ‘उल्हासनगर सिंधी असोसिएशन’, हा विनोद तुमच्या आजोबांनीही ऐकलेला आहे. फाळणीनंतर कल्याणच्या लष्करी छावणीतल्या बराकींत उतरलेल्या सिंधी कुटुंबांनी मिळेल ते जोडून, सुधारून, लेबल लावून विकायला घेतलं, त्या हुन्नरातून तो विनोद आला. आणि अल्बम काढणाऱ्यानं लेबलाची चेष्टा करू नये. ‘द डेव्हिल इज लूज’चंच घ्या. ठेका अमेरिकेतल्या कृष्णवर्णीय वादकांनी घडवलेला, गळा मुंबईचा, शब्द इंग्रजी, निर्माता डीटर झिमरमान हा जर्मन, कंपनी सीबीएस. आता सांगा, मेड इन काय लिहिणार?

ठेका

सोल आणि फंक यांतला फरक विचारला तर नवशिक्यानं पुढीलप्रमाणे सांगावं. चर्चमध्ये भजनं म्हणून तयार झालेल्या गळ्यानं प्रेमाची, भांडणाची, पगाराची गाणी म्हणायला घेतली की सोल. त्याच गाण्यातली चाल मागं सारून सगळ्या वाद्यांना ढोलाचं काम दिलं की फंक. गिटार ढोल, ट्रम्पेट ढोल, गाणारा माणूससुद्धा ढोल.

जेम्स ब्राउननं आपल्या वादकांमागं एकच धोशा लावला होता: पहिल्या मात्रेवर या. बाकीच्या तीन मात्रांमध्ये काय हवं ते करा, पण पहिली चुकवू नका. चुकणाऱ्याला तो दंड करायचा, तोही चालू कार्यक्रमात, बोटांनी रक्कम दाखवून. आपल्या माणसाला हे नवीन नाही, समेवर यायला आपण आईच्या पोटात शिकतो. अडचण वेगळीच आहे. विलंबित ख्यालात समेची वाट बघता बघता माणूस पान लावून खातो. फंकमध्ये सम दर दोन सेकंदांनी येते आणि वाट बघायला वेळच उरत नाही. म्हणून आपले तबलजी फंकला बसले की पहिल्या पाच मिनिटांत तिहाया मारून दमतात. त्यांना सांगावं, बुवा, काही करू नका. तोच तो ठेका पंधरा मिनिटं धरा. लावणीच्या फडातला ढोलकीवाला हे चटकन समजतो, संगीत विशारदाला वेळ लागतो.

टाळीचंही तसंच. आपण पहिल्या आणि तिसऱ्या मात्रेवर टाळी देतो, सोलमध्ये ती दुसऱ्या आणि चौथ्यावर पडते. सराव म्हणून स्टेशनपासून शिवमंदिरापर्यंत शेअर रिक्षात मांडीवर दुसरी-चौथी टाळी देत जावं. शेजारच्या प्रवाशानं विचारलं तर गुडघा दुखतो म्हणावं.

मुखपृष्ठ

स्वतःचा फोटो छापा. सूर्यास्त नको.

नाव न छापायची माणसं

आता पेन्सिलीची खूण काढा. अजरामर अल्बमला किमान एक असा वादक लागतो ज्याच्यावाचून काहीही उभं राहिलं नसतं आणि ज्याचं नाव कव्हरवर नसतं. ही अट मोडता येत नाही.

डेट्रॉइटच्या मोटाउन कंपनीनं १९६०च्या दशकात जगाला नाचवलं. त्या गाण्यांतला बास वाजवणारा जेम्स जेमर्सन हा माणूस वर्षानुवर्षं निनावी होता. तो एकाच बोटानं तारा छेडायचा आणि त्या तारा बदलायचा नाही. १९७१ साली मार्व्हिन गेचा ‘व्हॉट्स गोइंग ऑन’ निघाला, तेव्हा कुठं मोटाउनच्या कव्हरवर वादकांची नावं छापून आली. त्या अल्बमच्या मुख्य गाण्यासाठी जेमर्सनला बारमधून शोधून आणावं लागलं आणि बसता येईना म्हणून त्यानं जमिनीवर उताणं पडून बास वाजवला, असं सांगतात. हे गाणं बाजारात आणायलाच कंपनीचा मालक बेरी गॉर्डी तयार नव्हता. ते खपल्यावर त्यानं अल्बमची घाई केली. ‘रोलिंग स्टोन’ मासिकानं २०२० साली सर्वकाळच्या पाचशे अल्बमांत तो पहिला ठेवला. जेमर्सन १९८३ सालीच गेला होता.

आपल्याकडे तर या कलेत आपण डेट्रॉइटला शिकवू. ताडदेवच्या फिल्म सेंटरमध्ये सकाळी नऊला कार्ड दाखवून आत शिरलेल्या वादकांनी हिंदी सिनेमाला जाझ, सोल, फंक, जे म्हणाल ते घालून दिलं. त्यांत गोव्याचे ख्रिस्ती होते, पारशी होते, शीख होते, महाराष्ट्रातले तालवादक होते. पडद्यावर नाव संगीतकाराचं. व्हायोलिन शिकवणाऱ्या अँथनी गोन्साल्विसांचं नाव घराघरांत पोहोचलं, पण त्यांच्या सिम्फनीमुळे नव्हे. त्यांचे शिष्य प्यारेलाल यांनी ‘अमर अकबर अँथनी’मध्ये ते नाव वापरलं आणि अमिताभ बच्चन भल्या मोठ्या अंड्यातून बाहेर येत ते सांगू लागला. एवढ्यावर समाधान मानणाऱ्या माणसांनीच वादक व्हावं.

यंत्र

बासवाला मिळत नसेल, किंवा मिळून रुसला असेल, तर जपानच्या रोलंड कंपनीनं १९८१ साली त्यावर तोडगा काढला होता. टीबी-३०३ नावाची टिफिनच्या डब्याएवढी चंदेरी पेटी. गिटारवाला एकटा सराव करत असताना मागं बास वाजता राहावा, हा तिचा उद्देश. तो साफ फसला. तिच्या आवाजाला बास गिटार म्हणायला कुणी धजेना आणि कंपनीनं काही वर्षांतच ती बंद केली. चरणजित सिंग स्वतः हिंदी सिनेमाच्या गाण्यांत बास गिटार वाजवून पोट भरणारे. बासवाल्याच्या पोटावर पाय देण्यासाठी निघालेली ही पेटी त्यांनीच सिंगापूरहून विकत आणली, याला काय म्हणावं!

आता कृती नीट वाचा. ३०३मध्ये स्वर आणि काळ वेगवेगळे भरावे लागतात. आधी नुसते स्वर एकामागून एक दाबायचे. तेव्हा त्यांना लय नसते. मग दुसऱ्या कळीवर जाऊन सोळा घरं भरायची: इथं स्वर वाजेल, इथं लांबेल, इथं गप्प. नंतर पुन्हा पहिल्यापासून जाऊन कोणत्या स्वरावर ठोसा हवा आणि कोणता स्वर पुढच्यात घसरत जावा ते सांगायचं. मधलं एक घर चुकलं की पुढचे सगळे स्वर एकेक जागा सरकतात आणि तुम्ही भरलेला भूप भलत्याच तोंडानं बाहेर येतो. पुष्कळांना या चुकाच आवडल्या, तो भाग पुढं येईल.

स्वर घसरवण्याची ही सोय हीच त्या पेटीची खरी करामत. तिच्यामुळं यंत्राला मींड घेता येते. पण घसरण्याचा वेग कारखान्यात ठरलेला. ललत गाणारा गवई दोन मध्यमांच्या मधल्या जागेत जितका रेंगाळेल तितकं पेटी रेंगाळत नाही. श्रुतींचं तर नावच काढू नका, पट्टी बारा स्वरांची आहे. चरणजितांनी मग कामाची वाटणी केली. मुख्य सुरावट ज्युपिटर-८ सिंथेसायझरवर स्वतःच्या हातानं. तिच्याखाली ३०३ रागाच्या स्वरांत गोल गोल फिरतंय. त्याच्याही खाली टीआर-८०८चा ढोल, एकसारखा, न थकणारा. तबला नाही. १९८२ साली सिनेमाची गाणी डिस्कोनं झपाटली होती, तेव्हा डिस्कोच घेऊ, तबल्याला सुट्टी देऊ आणि वर राग वाजवू, इतका साधा विचार होता. अल्बमचं नाव ‘टेन रागाज टू अ डिस्को बीट’. दहा राग, प्रत्येकाला सुमारे पाच मिनिटं. ललत, भूपाली, तोडी, मधुवंती, मेघमल्हार, यमन, कलावती, मालकंस, बैरागी. आणि सगळ्यांच्या आधी भैरव.  

त्या भैरवात यंत्राच्या आवाजात ‘ॐ नमः शिवाय’ ऐकू येतं. शिवमंदिर परिसरातल्या होतकरूंनी याची खास नोंद घ्यावी. महाशिवरात्रीच्या जत्रेत कर्ण्यावर लावायला याहून रीतसर फंक मिळणार नाही. पुजाऱ्यांची परवानगी आपापली काढावी.

रेडिओवर थोडा भाग वाजला. तबकडी खपली नाही. अजरामर होण्याची पहिली पायरी पार पडली.

गळा

सोल म्हणजे शिरा ताणून ओरडणं, हा नवशिक्याचा लाडका गैरसमज. तो घालवण्यासाठी आशा पुथलींचं ‘स्पेस टॉक’ हेडफोन लावून ऐका. पहिल्या फेरीला गळ्याकडे मुळीच बघू नका, फक्त बास आणि ड्रम ऐका. घाई नाही, दाखवेगिरी नाही, दोघं एका चालीनं चाललेत. दुसऱ्या फेरीला वरचे तरंगणारे आवाज. तिसऱ्या फेरीला बाई. आवाज कुजबुजीच्या उंबऱ्यावर ठेवलेला, श्वास सुरात मिसळलेला, आणि ओळीचं शेवटचं अक्षर तुटत नाही, ते उतरत उतरत नाहीसं होतं. अशी उतरण्याची सवय हिंदुस्थानी गाण्याची तालीम घेतल्याशिवाय लागत नाही. बाईंनी ती मुंबईत घेतली होती, शिवाय पाश्चात्त्य ऑपेराची घेतली आणि जाझ रेडिओवरून उचललं. वरची पट्टी लावून कुणाला जिंकायला त्या जात नाहीत, तुम्हीच कान पुढं करता.

तिथवर पोचायचा त्यांचा मार्ग होतकरूंनी जसाच्या तसा उचलू नये, जमणार नाही. विमानात हवाई सुंदरी. मग नृत्याच्या शिष्यवृत्तीवर न्यूयॉर्क. वेद मेहतांनी आपल्या भारतावरच्या पुस्तकात मुंबईच्या जाझबद्दल लिहिताना त्यांच्याविषयी लिहिलं होतं. बिली हॉलिडे, अरेथा फ्रँकलिन आणि बॉब डिलन यांना पुढं आणणारे जॉन हॅमंड त्यांना ऐकतात आणि ऑर्नेट कोलमनकडे धाडतात. कोलमनच्या १९७२च्या ‘सायन्स फिक्शन’मधली दोन गाणी त्यांची. कोलमनची चाल कुठून सुरू होते आणि कुठं जाते हे भल्याभल्यांना सापडत नाही. ख्याल ऐकलेल्या पोरीला सापडलं, कारण ठरलेल्या कॉर्डांवाचून गाणं चालतं हे तिला कुणी समजावून सांगावं लागलं नाही. त्यानंतर १९७३ साली लंडनमध्ये पहिला स्वतंत्र अल्बम, त्यात जॉर्ज हॅरिसन आणि जे. जे. केल यांची गाणी स्वतःच्या पद्धतीनं फिरवलेली. तीन वर्षांनी ‘डेव्हिल’. माझं स्पष्ट मत विचाराल तर पहिल्या अल्बमात हुशारी जास्त दिसते आणि ‘डेव्हिल’मध्ये गाणं. सगळी गाणी ‘स्पेस टॉक’च्या तोडीची आहेत, असं मात्र भक्तांनीही म्हणू नये.

समीक्षक

समीक्षक तीन मार्गांनी येतात. पहिला, नाचणाऱ्यांच्या मागून. न्यूयॉर्कमध्ये डेव्हिड मँकुसो नावाचा गृहस्थ आपल्या राहत्या जागेत निमंत्रितांसाठी रात्रभर तबकड्या लावायचा, त्या जागेला ‘द लॉफ्ट’ म्हणत. त्यानं ‘स्पेस टॉक’ उचललं आणि पुढं डीजे मंडळींनी ते जपलं. दुसरा मार्ग म्हणजे चोरी, किंवा सभ्य भाषेत सँपल. २५ मार्च १९९७ला रॅपर नोटोरियस बी.आय.जी. ऊर्फ बिगी याचा शेवटचा अल्बम बाजारात आला. त्याच्या सोळाच दिवस आधी त्याला गोळ्या घातल्या गेल्या होत्या. त्या अल्बमातल्या एका गाण्याखाली ‘स्पेस टॉक’ वाजतंय. तेव्हापासून प्रत्येक लेखात बाईंची ओळख ‘ज्यांचा आवाज बिगीनं वापरला त्या’ अशी. बिगी चांगलाच होता, पण ओळख उलटी करून द्यायला काय हरकत होती?

तिसरा मार्ग परदेशी संग्राहकाचा. हा खात्रीचा. एडो बोमन हा डच माणूस २००२ साली दिल्लीत जुन्या तबकड्या चाळत होता, त्याच्या हाती ‘टेन रागाज’ लागली. त्यानं मुंबईत चरणजितांना गाठलं आणि २०१० साली आपल्या ‘बॉम्बे कनेक्शन’ लेबलवर ती पुन्हा काढली. आणि मग गजहब. कारण शिकागोच्या पोरांनी १९८७ साली त्याच टाकून दिलेल्या ३०३च्या कळा वेड्यावाकड्या पिळून, मघाशी म्हटल्याप्रमाणे चुकांवर खूश होऊन ‘अ‍ॅसिड हाउस’ नावाचं नवं संगीत काढलं होतं. त्याच्या पाच वर्षं आधीची मुंबईची तबकडी ऐकून पाश्चात्त्य समीक्षकांनी चरणजितांना अ‍ॅसिड हाउसचा जनक ठरवून टाकलं.

इथं समीक्षा लिहू इच्छिणाऱ्यांनी थांबावं. जनक कसला? शिकागोत ती तबकडी कुणी ऐकलेली नव्हती आणि चरणजितांना शिकागोशी कर्तव्य नव्हतं. त्यांनी डिस्कोवर राग वाजवले. ते चांगले वाजलेत का, कलावती त्या ठेक्यावर का खुलतो आणि मालकंस का गुदमरतो, यावर चार ओळी लिहायला कान लागतो. ‘काळाच्या पुढे’ लिहायला फक्त कॅलेंडर लागतं. बहुसंख्य परीक्षणं कॅलेंडरवर लिहिलेली आहेत. म्हातारपणी त्यांना युरोपात वाजवायला बोलावलं, ते गेले, वाजवलं, लोक नाचले. ५ जुलै २०१५ला मुंबईत त्यांचं निधन झालं आणि मृत्युलेखांतही तो जनक होताच.

गोव्यात हा सगळा उपद्व्याप लागला नाही. ख्रिस पेरीनं बसवलेली आणि लोर्नानं सोल गायिकेच्या ताकदीनं गायलेली १९७०च्या आसपासची कोंकणी गाणी लोक लग्नात म्हणतच राहिले. लोर्ना गाणं सोडून वीसेक वर्षं गप्प बसली, तरी म्हणत राहिले. २०१४ साली ‘नाचों-या कुंपासार’ हा सिनेमा आला तेव्हा प्रेक्षकांना गाणी आधीच पाठ होती. आपल्या बाजूला आनंद शिंद्यांच्या ‘नवीन पोपट हा’नं तसंच केलं. असं तुमच्या बाबतीत घडलं तर तुमच्या नशिबी कुणी शोधून काढणं नाही. हरवलेलंच नाही ते कोण शोधणार?

कागदपत्रं

करारपत्राच्या तीन झेरॉक्स काढा. एक बँकेत, एक धाकट्या बहिणीकडे आणि एक तुम्हाला सापडणार नाही अशा ठिकाणी. भारतीय कायद्यानं ध्वनिमुद्रणाचा हक्क प्रकाशनानंतरच्या वर्षापासून ६० वर्षं चालतो. १९८२ची तबकडी २०४२ अखेरपर्यंत कुणाच्या तरी मालकीची आहे, आणि तो ‘कुणीतरी’ सहसा वाजवणारा नसतो. सँपल मागणाऱ्याचं पत्र आलं तर त्यात दोन वेगळे हक्क असतात, एक ध्वनिमुद्रणाचा आणि एक चालीचा. पैसे कुणाला कशाचे हे समजल्याशिवाय सही करू नका. जुनी यंत्रं भंगारवाल्याला देऊ नका. बंद पडलेल्या ३०३लासुद्धा आज चांगली किंमत येते. आणि बास वाजवणाऱ्याचा फोन नंबर करारपत्राच्या मागं लिहून ठेवा. मुलाखत घ्यायला येणारा डच माणूस त्याच्याबद्दल विचारत नाही, पण वकील विचारतो.